'ब'च्या आधीचा श्वास

पडद्यावर खांद्याचं एक्स-रेचं चित्र उमटलं आणि तिचा हात माउसवर तसाच राहिला. हाडं ठीक होती. सांधा झिजलेला, पण वयाला शोभेल इतपतच. खांद्याच्या फऱ्यामागे आणि खाली बरगड्यांवर मात्र पांढरे ठिपके विखुरले होते, हाडापेक्षाही पांढरे, कडा तासल्यासारख्या स्वच्छ. त्यातला एक लांबट होता आणि त्याला डोकं होतं. खिळा होता तो. काचेपलीकडे तो म्हातारा गृहस्थ बनियनवर उभा होता, सांगितल्याप्रमाणे एक हात डोक्यावर धरून. "ताई, हात खाली घेऊ का, की अजून थोडा वेळ शरण आलेला राहू?" तो म्हणाला. "घ्या खाली," ती म्हणाली आणि आतल्या खोलीत गेली. अंगात धातू आहे हे आधी सांगायला हवं होतं, असं ती म्हणाली, कारण काहीतरी म्हणायला हवं होतं. "चुकलंच. विसरायला होत नाही, पण सांगायला विसरतो. भाजी बाजारातल्या स्फोटातलं आहे ते. तेव्हाच्या डॉक्टरांनी सांगितलं, उकरत बसलो तर हात जाईल, राहू दे आत. तेव्हापासून आहेत बिऱ्हाडाला." त्याने शर्टाची बाही शोधली, हात घालताना दातावर दात धरले. तो केस कापायचा. आयुष्यभर हात वर धरून काम केलेलं, आता मुलीकडे राहायला आला होता आणि जावयाच्या दुकानात एक खुर्ची त्याला दिली होती. "बायको दोन पावलं पुढे होती," तो खुर्चीत बसून बटणं लावत म्हणाला. "नेहमीच पुढे चालायची. बहुतेक सगळं तिनेच अंगावर घेतलं. मला हे उरलंसुरलं."

ती एक्स-रेची प्लेट पुसत राहिली. प्रत्येक माणसानंतर पुसायचीच असते. पण पुसून झालेली प्लेट ती पुन्हा पुसत होती, हे तिच्या लक्षात आलं. म्हातारा काही उठून जायच्या घाईत नव्हता. बोलायची सवय असलेला माणूस. खुर्चीत बसलेल्या माणसाशी बोलत बोलत त्याचं आयुष्य गेलं होतं आणि आता खुर्चीत तो होता. स्फोटांचा खटला चालू होता तेव्हा आपण जवळजवळ रोज कोर्टात जाऊन बसायचो, असं त्याने सांगितलं. मागच्या बाकावर. ते घडवणाऱ्यांचा पुढारी पिंजऱ्यात उभा असायचा, इस्त्रीच्या कपड्यांत, जणू व्याख्यानाला आलाय. "पुढच्या आठवड्यात फाशी उरकणार म्हणतात त्याची. मला वाटलं होतं, तारीख कळली की मोकळं वाटेल. आता वाटतं, खांद्याला काय कळणार आहे तारीख." मग तो थांबला, आणि तिला वाटलं झालं आता, जाईल. पण तो म्हणाला, "एक बाई होती हो. पडद्यामागून साक्ष दिली तिने. त्या टेपा होत्या ना, स्फोटांची जबाबदारी घेतलेल्या, त्यातला आवाज त्याचाच, असं तिने सांगितलं. बहीण होती म्हणे. घसा बसला होता तिचा, नीट ऐकूही येत नव्हतं. न्यायाधीश सारखे म्हणायचे, जरा मोठ्याने. कशी राहत असेल हो ती?"

"राहत असेल," ती म्हणाली. "कामाला जात असेल."

"तिला कुणी जेवलीस का म्हणून विचारत असेल का?"

"रिपोर्ट उद्या मिळेल," ती म्हणाली. "खाली पहिल्या खिडकीत."

तो गेल्यावर डॉक्टरीणबाई आल्या. नुकत्याच शिकून आलेल्या, वयाने लहान, हुशार, आणि मनाने वाईट अजिबात नव्हत्या. चित्र बघून त्या म्हणाल्या, "अगंबाई, हा माणूस म्हणजे चालतंबोलतं खिळ्यांचं दुकान," आणि मग तिचा चेहरा बघून म्हणाल्या, "सॉरी. तुम्हाला बरं नाहीये का?" तिने सांगितलं, सकाळपासून डोकं जड आहे. या हॉस्पिटलात तिला सगळे ताई म्हणत. ती कुठून आली, मागे कोण आहे, हे पहिल्या काही महिन्यांत दोघातिघांनी विचारलं होतं आणि मग सोडून दिलं होतं. एकटी बाई, कामाला चोख, डब्यात कधी काही नवीन नाही, सुट्टी मागत नाही, इतकी माहिती लोकांना पुरते. तिने स्वतःच ती अशी बेतली होती. साक्षीनंतर सरकारने दुसऱ्या शहरात खोली बघून दिली, वेगळं आडनाव दिलं, आणि त्या आडनावाने हाक मारली की ती अजूनही क्षणभर उशिरा वळायची.

तुरुंगातून फोन आला होता तो मागच्या आठवड्यात. शेवटची भेट नातेवाइकांना मिळते, तुम्हाला यायचं आहे का, असं एका अधिकाऱ्याने विचारलं होतं. सौम्य आवाजाचा माणूस, जणू नळदुरुस्तीची वेळ विचारतोय. ती नाही म्हणाली होती. नाही म्हणून झाल्यावर तिने भांडी घासली होती आणि झोपली होती, आणि झोप लागली होती याचंच तिला आश्चर्य वाटलं होतं. आता जेवणाच्या सुट्टीत, हॉस्पिटलच्या मागच्या जिन्यावर उभं राहून तिने त्याच नंबरावर फोन लावला आणि म्हणाली, मी येते. का ते तिला नीट सांगता आलं नसतं. भावाला ते चित्र सांगायचं होतं, एवढंच. इतकी वर्षं कोर्टात नकाशे आले, तज्ज्ञ आले, मेलेल्यांची नावं वाचून दाखवली गेली. पण एका माणसाच्या खांद्यात डोकं असलेला एक खिळा आहे आणि तो माणूस त्या हाताने लोकांचे केस कापतो, हे त्याला कुणी सांगितलं नसणार. तिला वाटलं, हे सांगायला घरचंच माणूस लागतं.

तो तिचा पाठचा भाऊ. मधली दोन मुलं गेली, मग बऱ्याच वर्षांनी हा. ती शाळेत मोठ्या वर्गात होती तेव्हा तो नुकता अक्षरं गिरवत होता, आणि तोतरा होता. सगळ्याच अक्षरांना नाही. 'ब' अडायचा, तोही शब्दाच्या सुरुवातीचा. ओठ मिटायचे आणि उघडायचेच नाहीत, मानेची शीर तटतटायची, डोळ्यांत पाणी यायचं. म्हणून तो बाबांना आबा म्हणायचा. आधी 'आ' मिळाला की पुढचा 'ब' सुटायचा. घरात सगळे हसायचे, बाबासुद्धा, आणि शेवटी बाबांना सगळेच आबा म्हणू लागले. शाळेत मात्र हसणं वेगळं होतं. गल्लीतल्या एका पोराने 'ब-ब-बकरी' म्हणून त्याला घरापर्यंत हाकलत आणलं तेव्हा तिने त्या पोराला छत्रीने बडवलं होतं, छत्रीची काडी मोडेपर्यंत. मग संध्याकाळी स्वयंपाकघरात, आई कामावरून यायच्या आत, ती त्याला समोर बसवायची. त्याच्या पोटावर तळवा ठेवायची. आधी श्वास घे, पोट माझ्या हाताला लागू दे, आणि मग शब्द सोड, ढकलू नकोस. बस. बटाटा. बाहुली. बाजार. त्याचं पोट तिच्या तळव्याखाली पाखरासारखं धडधडायचं. कुणी तिला हे शिकवलं नव्हतं. तिने आपलं आपणच शोधून काढलं होतं, आणि ते चाललं. शाळेच्या वक्तृत्वात तो पहिला आला तेव्हा बक्षिसाचा पेला घेऊन आईकडे न जाता तिच्याकडे पळत आला होता. पेल्यावर दुसऱ्याच कुणाचं नाव पडलं होतं चुकून. दोघं त्यावर इतकं हसले होते की तो पुन्हा तोतरा झाला, हसता हसता.

'ब'च्या आधी तो अजूनही श्वास घ्यायचा. बारीक, नाकाने, क्षणभराचा. मोठेपणी कुणाच्या लक्षात यायचा नाही. तो छापखान्यात मुद्रितं तपासायला लागला, मग स्वतःच पत्रकं लिहायला लागला, मग लोकांच्या घरी, गच्च्यांवर, बंद दुकानांत बोलायला लागला. एकदा त्याने तिला ऐकायला बोलावलं होतं. लहान खोली, चपलांचा ढीग दाराबाहेर, आतमध्ये गुडघ्याला गुडघा लावून बसलेली माणसं. तो बोलायला उठला. आपलं काय होतं आणि काय राहिलं, कामं कुणी घेतली, घरं कुणी घेतली, हे त्याने हळू आवाजात सांगितलं, आणि मग म्हणाला, "हे कुणी केलं?" आणि थांबला. त्या थांबण्यात लोक पुढे झुकले. "बाहेरच्यांनी." तो थांबला होता ते 'ब'साठी. खोलीत फक्त तिला माहीत होतं. लोकांना वाटलं, तो राग गिळतोय. तिला तेव्हा अभिमान वाटला होता. बोलण्यातलं तिने फारसं मनावर घेतलं नव्हतं. तरुण पोरं काहीबाही बोलतात. एकही अक्षर अडलं नाही, एवढंच ती ऐकत बसली होती.

पुढे तो घरातून गेला. कुठे ते सांगितलं नाही. पहिला बाजार उडाला तेव्हा कुणी जबाबदारी घेतली नाही. दुसरा उडाला आणि एक टेप आली. ती तेव्हा चपलांच्या दुकानात होती, एक पाय नव्या चपलेत, आणि दुकानदाराचा रेडिओ चालू होता. आवाज मुद्दाम घोगरा केलेला होता, यंत्रातून काढलेला, बाईचा की पुरुषाचा तेही कळू नये असा. वाक्य आलं, आणि एका शब्दाआधी बारीकसा श्वास आला. ती उठून एका पायात नवी आणि एका पायात जुनी चप्पल घालून रस्त्यावर आली. दुकानदार मागून हाका मारत होता. दुसऱ्या दिवशी सकाळी ती पोलिसांकडे गेली. ते तिला हसले नाहीत, पण त्यांना पटलंही नाही. मग तिसरा बाजार उडाला, तेव्हा पटलं.

कोर्टात त्याच्या वकिलाने विचारलं होतं, "बाई, श्वास तर सगळेच घेतात. तुम्हीही आत्ता घेतलात." मागच्या बाकांवर थोडं हसू झालं. ती म्हणाली, सगळे घेतात, पण कुठे घेतात ते बघा. टेपा पुन्हा लावल्या. तिने पडद्याआडून प्रत्येक वेळी आधीच सांगितलं, आता घेईल, आता. पुढे तज्ज्ञांनी आलेख काढून तेच सांगितलं, पण त्या दिवशी कोर्ट शांत झालं ते तिच्या 'आता' म्हणण्याने. पिंजरा तिला दिसत नव्हता. त्याची एक खोकल्याची उबळ तेवढी ऐकू आली आणि तिचा हात आपोआप पाण्याच्या पेल्याकडे गेला. आई तेव्हा जिवंत होती. ती घरी परतली तेव्हा आईने दार उघडलं, ताट वाढलं, आणि म्हणाली, "तुला आवाज ओळखू आला, मान्य. आईला येत नव्हता असं वाटलं का तुला?" तिने पोळीचा तुकडा मोडला. आई पुढे म्हणाली, "मलाही आला होता ओळखू. मी रेडिओ बंद केला." यानंतर आई तिच्याशी बोलली नाही. रागाने नव्हे. बोलण्यासारखं काही उरलं नाही, अशा तऱ्हेने. जेवायला वाढायची, पांघरूण घालायची, आणि एक दिवस गेली.

तुरुंगाची भेटीची खोली बँकेसारखी होती. काच, दोन्ही बाजूंना फोन, स्टूल जमिनीत रोवलेलं. मागे एक पहारेकरी, बहुधा पोटाचा त्रास असलेला, सारखी चुळबुळ करणारा. भाऊ आला. बारीक झाला होता, केस नीट कापलेले होते. आणि तिच्या मनात पहिला विचार आला तो असा की मागून जरा जास्तच कापलेत. त्याने फोन उचलला. "तुझा गुडघा कसा आहे?" त्याने विचारलं. "ठीक आहे. थंडीत धरतो." "चालत जात जा." "जाते." मग तो हसला आणि म्हणाला, "साक्ष चांगली दिलीस. स्पष्ट. मला राग नाही." ती म्हणाली, "मी राग आहे का विचारायला आले नाही." तो म्हणाला, "माहीत आहे." काचेवर कुणाच्या तरी तळव्याचा ठसा होता, लहान मुलाचा असावा, आणि तो त्यांच्या दोघांच्या मधोमध आला होता.

"वकील तुला फोन करतील," तो म्हणाला. त्याचा आवाज बदलला, सभेतला झाला. "नातेवाइकाने मागितलं तर माझा देह देतात. दुसऱ्या कुणाला देत नाहीत. तू ताब्यात घे. पुढचं सगळं आपली माणसं पाहतील. आईच्या शेजारी जागा आहे. तिथे काहीतरी उभं करतील. लोक येतील."

"किती लोक?"

"पुष्कळ," तो म्हणाला, आणि त्याचा चेहरा उजळला. तिने तो चेहरा ओळखला. पेला घेऊन पळत आलेला चेहरा होता तो, आणि याची तिला सगळ्यांत जास्त भीती वाटली.

तेव्हा तिने ते सांगितलं. आपल्याकडे एक माणूस आला होता, म्हातारा. केस कापतो. हात वर धरला की दुखतो. तिने चित्र काढलं तर खांद्यात तुकडे होते, बरगड्यांवर होते, एक अख्खा खिळा, डोक्यासकट. त्याची बायको दोन पावलं पुढे चालत होती. ती सांगत होती आणि त्याच्याकडे बघत होती. लहानपणी गोष्ट सांगताना बघायची, तशी. त्याने लक्ष देऊन ऐकलं. पहिल्यापासून तो चांगला ऐकणारा होता. मग भुवया जवळ आल्या, आणि तिला वाटलं, आता काहीतरी आत जाऊन लागेल. त्याने श्वास घेतला. बारीक, नाकाने.

"बाजार कुठला?" त्याने विचारलं.

शर्ट कुठल्या दुकानातून घेतलास असं विचारतात, तसं. त्यात क्रूरपणा नव्हता. ती शोधत होती, पण नव्हताच. तीन होते, त्यातला कुठला, हे त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं, हिशेबाच्या माणसाला असते तेवढी उत्सुकता होती. "भाजीचा," ती म्हणाली. "हां," तो म्हणाला. "मग वकिलांचा फोन उद्याच येईल तुला." पहारेकरी खाकरला. तिने फोन जागेवर ठेवला. तो जरा तिरका बसला म्हणून पुन्हा नीट ठेवला. काचेपलीकडे त्याचे ओठ हलले, ताई म्हणाला असावा. ऐकू येण्यासारखं नव्हतं.

परतीच्या बसमध्ये शेजारी एक बाई झोपेत तिच्या खांद्यावर कलंडत होती. तिने हटवलं नाही. कुणाचं डोकं इतका वेळ आपल्या खांद्यावर असल्याला किती काळ लोटला, हे आठवायचा तिने प्रयत्न केला आणि सोडून दिला. बाहेर गोदामं, मग घरं, मग पुन्हा गोदामं. एखादं उभारलेलं काहीतरी तिच्या डोळ्यांसमोर येत होतं, आईच्या शेजारी, दगडाचं असेल, स्वच्छ ठेवलेलं असेल, आणि त्याच्यासमोर रांगेने तरुण पोरं. त्यातलं एखादं तोतरंही असेल. त्याला कुणीतरी सांगेल, हा बघ, हासुद्धा तुझ्यासारखाच होता. आणि दुसरीकडे, त्याला मागितलंच नाही तर? आईने दोन मुलं आधीच खुणेचा दगडही न ठेवता पुरली होती, आता तिसराही तसाच जाईल, कुठल्यातरी भिंतीमागे. तिला जाऊन बसायला जागा उरणार नाही. कुणाजवळ जाऊन बसावं असं माणूस जगात उरलं नव्हतं. निदान एक जागा असती. हे तिला इतकं हवं होतं, की त्या झोपलेल्या बाईला जाग येऊ नये म्हणून ती तोंडावर हात धरून रडली.

वकिलाचा फोन दुसऱ्या दिवशी आलाच. "ताई, तुम्हाला काही करायचं नाहीये. एक सही. गाडी आमची, माणसं आमची, तुम्ही फक्त पुढे उभ्या राहा. शेवटी रक्ताचं नातं आहे." तिने विचारलं, "तुमचं त्याच्याशी काय नातं?" तो म्हणाला, "आम्ही सगळे त्याचेच भाऊ आहोत." "मग त्याला लहानपणी कुठलं अक्षर यायचं नाही ते सांगा," ती म्हणाली. तो हसला, त्याला वाटलं ती दुःखाने काहीतरी बरळतेय. तिने फोन बंद केला आणि पुढच्या पेशंटचं नाव पुकारलं. दुपारपर्यंत तिने गुडघ्यांचे एक्स-रे काढले, छात्यांचे काढले, एका मुलीच्या मनगटाचा काढला. डॉक्टरीणबाईंनी आपल्या डब्यातली अर्धी पोळी तिच्यापुढे सरकवली आणि तिने ती खाल्ली.

तुरुंगाच्या अधिकाऱ्याचा फोन आला तो चार वाजायच्या सुमारास, खोली रिकामी असताना. तोच सौम्य आवाज. देह ताब्यात घेणार का, हे त्याला आज वर कळवायचं होतं. ती भिंतीला टेकून उभी राहिली. भिंत गार होती, किरण अडवायला आत शिसं असलेली.

"नाही," ती म्हणाली.

"दुसरं कुणी नातेवाईक?"

"नाही. कुणी नाही."

"मग आम्हालाच तुरुंगाच्या आवारात दफन करावं लागेल. तिथे नाव वगैरे लावत नाहीत, हे तुम्हाला सांगणं माझं काम आहे. नंतर जागा दाखवताही येत नाही."

"चालेल."

"नक्की ना, बाई?"

"नक्की."

पलीकडून कागद उलटल्याचा आवाज आला. तो आता ठेवणार, हे तिला कळलं.

"ऐका," ती म्हणाली. "त्याला ऊन सोसत नाही. लहानपणापासून. तिथे कुठे झाडबीड असेल तर बघा."

अधिकारी म्हणाला, "झाड एकच आहे तिथे."

"असू दे," ती म्हणाली. "एकच लागतं."